सिनेमातली माशी

आधी काकांचा पंजा यायचा. आपण मान खाली घालून पडद्यावरचा एखादा पांढरा ठिपका पुसायला जावं, तोच खांद्यावरून एक रुंद, रापलेला पंजा मॉनिटरच्या पुढे येऊन थांबायचा आणि मागोमाग आवाज यायचा, "थांबा नं बाप्पा. मालकानं ठेवलं असन."

मालक म्हणजे आमच्या कंपनीचा मालक नव्हे. मालक म्हणजे त्या सिनेमाचा दिग्दर्शक. तो बिचारा कुठल्यातरी थंड देशात चाळीसेक वर्षांपूर्वी सिनेमा काढून मोकळा झालेला आणि बहुधा मरूनही गेलेला असायचा. पण काका त्याच्याविषयी असे बोलत की वाटावं, तो जरा खाली चहा प्यायला गेलाय आणि वर आल्यावर विचारणार आहे, माझ्या वस्तूला हात कोणी लावला म्हणून.

मी तेव्हा पुण्यात, खराडीच्या एका छोट्या कंपनीत कामाला होते. काचेची इमारत, गळ्यात ओळखपत्राचा पट्टा, म्हणजे बाहेरच्यांना आम्ही आयटीवालेच. काम मात्र वेगळं होतं. परदेशात काही मंडळी जुने, विक्षिप्त सिनेमे शोधून काढून ब्लू-रे तबकड्यांवर नव्याने प्रसिद्ध करत. विक्षिप्त म्हणजे कसे, तर ज्यांना धड गोष्ट नाही, ज्यांत बकरी जेवणाच्या टेबलावर येऊन बसते आणि घरातलं कोणी तिच्याकडे बघतसुद्धा नाही. हे सिनेमे लागले तेव्हा फारसे चालले नव्हते. पुढे मात्र त्यांचे भक्त तयार झाले. एकेक सिनेमा चाळीस-चाळीस वेळा पाहिलेले भक्त. कॅसेटवर आणि डीव्हीडीवर ते चित्र धूसर दिसे, तेव्हा फिल्मवरची घाण कोणाला कळत नव्हती. ब्लू-रेचं चित्र इतकं लख्ख की धुळीचा कण न् कण, केस, ओरखडा, सगळं डोळ्यात खुपायला लागलं. ते पुसायचं काम समुद्र ओलांडून आमच्याकडे येई. एका सेकंदाला चोवीस चित्रं, म्हणजे चोवीस फ्रेमी, आणि त्यातलं प्रत्येक चित्र हाताने साफ करायचं. आमच्या बाबांना, म्हणजे नारायण पेठेतल्या एका निवृत्त शिक्षकांना, मी हे सगळं सविस्तर समजावून सांगितलं. त्यांनी पूर्ण ऐकून घेतलं आणि म्हणाले, "म्हणजे केर काढतेस."

आमच्यातलं प्रत्येक जण अ‍ॅनिमेशनचा नाहीतर चित्रकलेचा कोर्स करून आलेलं. खरी फिल्म कोणी हातात धरलेली नव्हती. आमच्या साहेबांना असा माणूस हवा होता, ज्याला फिल्म माहीत आहे. वरच्या मजल्यावर एका सॉफ्टवेअर कंपनीत काम करणारा एक जण लिफ्टमध्ये सहज बोलून गेला, "माझे वडील तीस वर्षं टॉकीजमध्ये ऑपरेटर होते." अकोल्याच्या पुढे कुठल्याशा तालुक्याच्या गावची ती टॉकीज. ती बंद पडली आणि तिचं मंगल कार्यालय झालं. त्याच सुमाराला त्यांची बायको गेली, आणि मुलाने वडिलांना विश्रांतवाडीच्या फ्लॅटवर आणलं. साहेबांनी निरोप धाडला, आणि दुसऱ्या दिवशी काका हजर. पांढरा शर्ट, खिशाला दोन पेनं आणि मुलाने घेऊन दिलेले काळे बूट. ते बूट जागेवर पोचल्या पोचल्या काढून ते टेबलाखाली ठेवत आणि दिवसभर मोज्यांवर वावरत.

माउस त्यांना मी शिकवायला गेले. तो त्यांनी हातात उचलून घेतला, उलटा करून पाहिला आणि परत ठेवला. कीबोर्डवरची बाणाची दोन बटणं तेवढी शिकले, एक पुढे जायचं, एक मागे. "ऑपरेटरले याहून जास्त काय लागते?" असं म्हणाले. शेरे लिहायला कागदाच्या चिठ्ठ्या. कुठला सीन, कुठली फ्रेम, चित्राच्या कोणत्या अंगाला काय आहे आणि शेवटी निकाल. निकाल दोनच, "पुसणे" आणि "राहू देणे". त्या चिठ्ठ्या माझ्याकडे येत. त्यांच्या टेबलावरून आलेलं काम दुरुस्त करायची जबाबदारी माझी होती.

साध्या सिनेमात हे काम सोपं असतं. नायिकेच्या गालावर काळं काही दिसलं तर ती घाण, पुसा. पण या सिनेमांत गालावर गोगलगाय चालत असू शकते आणि सगळा पैसा त्या गोगलगायीसाठीच खर्च झालेला असू शकतो. आमची पंचाईत व्हायची. एकदा आमच्यातल्या एकीने धूळ आपोआप पुसणारा प्रोग्राम एका सीनवर चालवला आणि ती जेवायला गेली. सीनमध्ये एक पाद्री उशी फाडतो आणि पिसं उडतात. प्रोग्रामने सगळी पिसं धूळ समजून खाऊन टाकली. आम्ही परत येऊन पाहतो तर पाद्री रिकाम्या हवेत हात हलवतोय. आम्हाला तेही चाललं असतं. एवढ्या विचित्र सिनेमात हेही एक, असं वाटून आम्ही पुढे जाणार होतो. काकांनी मान तिरकी केली आणि म्हणाले, "पिसं कुठं गेली?"

"तुम्हाला कसं कळलं पिसं होती म्हणून?"

"उशी फाडली नं त्यानं. मालक वेडा आहे, खोटा नाही."

त्यांची ती मान तिरकी करण्याची लकब तुम्ही पाहायला हवी होती. कोंबडी दाण्याकडे पाहते तशी. चित्राकडे समोरून कधी पाहायचे नाहीत, उजव्या बाजूने पाहायचे. आम्ही त्याची नक्कल करत असू. मोठ्या जाणकाराची ती ऐट आहे, अशी आमची समजूत होती.

घाण कशी ओळखायची हे आम्हाला त्यांनी शिकवलं. "घाण एका फ्रेमची असते. आली अन् गेली. पुढच्या फ्रेममध्ये पाहा, नसन. ओरखडा असन तर वरून खाली उभा येईन. पण जे फ्रेमीमागून फ्रेमी राहते, आपल्या चालीनं चालते, ते मालकानं ठेवलं आहे. त्याले हात लावायचा नाही." तीन वर्षांच्या कोर्समध्ये हे मला कोणी इतकं सोपं करून सांगितलं नव्हतं.

सिनेमे कळत नाहीत असं ते म्हणत नसत. आम्ही म्हणत असू. त्यांनी सांगितलेली एक गोष्ट आहे. त्यांच्या टॉकीजमध्ये एकदा गडबडीत तिसरं रीळ पाचव्याच्या जागी लागलं. मेलेला नायक अचानक परत येऊन बागेत गाणं म्हणायला लागला. खुर्च्या मोडणार म्हणून हे केबिनमधला दिवा बंद करून अंधारात लपून बसले. पण लोकांनी शिट्ट्या मारल्या. बाहेर पडताना एका म्हातारीने डोअरकीपरला सांगितलं म्हणे, की पोरगा मेल्यावर दिसतो तो असाच दिसतो. "तेव्हापासून मले हे सिनेमे समजते," काका म्हणाले. आम्ही हसलो. संध्याकाळी घरी जाताना त्या म्हातारीचा विचार करत मी येरवड्याचा पूल कधी ओलांडला ते मला कळलंही नाही.

साखरेचा आजार त्यांना होता. घरी सून बिनसाखरेचा चहा देते म्हणून रोज अकराला इमारतीसमोरच्या टपरीवर गोड चहा, आणि वर आम्हाला तंबी, "घरी सांगू नका." आम्ही कोणीच सांगितलं नाही. गंमतच वाटायची त्यात.

आता माझ्याविषयी एक सांगायला हवं, नाहीतर पुढचं कळायचं नाही. माझं तोंड फटकळ आहे. साहेबांनी मिशा काळ्या करून आणल्या त्या दिवशी अख्ख्या मजल्यावर मी एकटीने त्यांना सांगितलं, की त्या शोभत नाहीत. मैत्रिणीच्या होणाऱ्या नवऱ्याला पहिल्याच भेटीत, तुम्ही फार बोलता, असं सुनावलं होतं. घरातच ती रीत. काकांना याचं मोठं कौतुक. त्यांच्या मुलखात माणसं समोरच्याला दुखवायचं नाही म्हणून तास तास वळसे घेतात, असं ते सांगत. "तुमचं बरं आहे, एका घावात काम," असं म्हणून हसत.

त्या हिवाळ्यात आमच्याकडे एक मोठा सिनेमा आला. काळापांढरा. त्यात एक माणूस पाठीवर दार घेऊन फिरतो. मोकळ्या मैदानात दार उभं करतो, टकटक करतो, आणि आतून तोच उघडतो. त्याच्या घरी एक विधवा बहीण आहे, ती ओली वर्तमानपत्रं इस्त्री करते. आम्ही त्या सिनेमाला "दारवाला" म्हणत असू. प्रिंट फार खराब होती, सहा महिन्यांचं काम होतं. काका त्या सिनेमाच्या प्रेमात पडले. घरी जातानाही त्याविषयीच बोलत.

तिसऱ्या की चौथ्या आठवड्यात त्यांनी मला चहाच्या वेळी बाजूला घेतलं. चेहरा खुललेला.

"कोणाले सांगू नका. या मालकानं सिनेमात एक माशी सोडली आहे."

"माशी?"

"काळी, बारीक. बाई इस्त्री करते तिथं आहे, मैदानात आहे, जेवणाच्या टेबलावर पण आहे. घाण म्हणाल तर घाण एका फ्रेमची. हे तर तरंगत जाते. सीन बदलला तरी आहेच. इतके वर्षं लोकाइनं हा सिनेमा पाहिला, कोणाले दिसली नाही. मले दिसली."

मी जागेवर येऊन तो सीन उघडला. फ्रेमीमागून फ्रेम पाहिली. माशी नव्हती. मैदानाचा सीन पाहिला. नव्हती. माझंच काही चुकतंय असं वाटून दोन दिवस मी लपून तेच करत राहिले. मग संध्याकाळी त्यांची चिठ्ठी आली, "माशी. सगळीकडे. राहू देणे." ती हातात धरून बसले असताना मला कळलं, की माशी सिनेमात नाही, काकांच्या डोळ्यात आहे.

दुसऱ्या दिवशी सांगायचंच असं ठरवून मी त्यांच्या टेबलाशी गेले. ते मान तिरकी करून बाणाचं बटण दाबत होते आणि स्वतःशीच हसत होते. मी म्हटलं, "काका..."

"या, या. आता पाहा. आता ती बाईच्या बांगडीवरून जाते. दिसली?"

पडद्यावर बाईचा हात होता, बांगडी होती, बाकी काही नव्हतं. मी त्यांच्या तोंडाकडे पाहिलं. साठी उलटलेल्या माणसाच्या तोंडावर इतका आनंद मी पाहिला नव्हता. तीस वर्षं दुसऱ्यांचे सिनेमे दाखवणाऱ्या माणसाला पहिल्यांदाच स्वतःला काहीतरी सापडलं होतं.

"हो," मी म्हटलं. "दिसली."

मी पुढे स्वतःची समजूत घातली. आमच्या बाबांनाही डोळ्यांपुढे तंतू तरंगताना दिसायचे. डॉक्टर म्हणाले होते, वयाचं आहे. तसंच हे असेल. शिवाय चिठ्ठीवर "राहू देणे" लिहिलेलं, म्हणजे पुसायचं काहीच नव्हतं. कोणाचं काही बिघडत नव्हतं. सांगितलं तर साहेब त्यांना ठेवणार नाहीत. ज्याचे डोळे अधू तो माणूस घाण काय तपासणार? आणि घरी बसले तर काय, हे त्यांनीच मला एकदा सांगितलं होतं. "घरी मी सोफ्यावरचा बुवा. इथं मी ऑपरेटर." असे सगळे मुद्दे माझ्याकडे होते. आज मांडून पाहते तेव्हा एकही टिकत नाही.

एका दुपारी आम्ही डबा खात होतो. काकांनी भाताचा घास कालवता कालवता हात थांबवला आणि खो खो हसले. "पाहा, किती डोक्यात बसली ते. भातावर दिसून राहिली आता." तिथे मी हातातली पोळी ठेवायला हवी होती आणि बोलायला हवं होतं. कोणीही शहाणा माणूस बोलला असता. मी लोणच्याची बाटली पुढे सरकवली.

पुढच्या महिन्यांत चिठ्ठ्या बदलत गेल्या. "दोन माश्या." मग "तीन-चार, ओळीनं." मग "उजव्या अंगाला धाग्यासारखं काही, त्याला माश्या चिकटलेल्या." सगळ्यांखाली "राहू देणे". काकांचं म्हणणं असं की मालकाने शेवटाकडे माश्या वाढवत नेल्या आहेत, आणि त्यामागे मोठा विचार आहे. तो विचार काय असावा यावर ते टपरीवर बोलत बसायचे. मी ऐकायचे. मधून मधून हुंकारसुद्धा भरायचे. चिठ्ठ्या मी खणात ठेवत गेले. टाकवत नव्हत्या.

सिनेमा पाठवायच्या आदल्या सकाळची गोष्ट. काका नेहमीसारखे आले, बूट काढले, बसले. आणि एकदम ओरडले.

"अरे, कोणी केलं हे?"

आम्ही सगळे धावलो. ते उभे होते आणि मॉनिटरकडे हात करून दाखवत होते.

"शाई सांडली कोणी? सगळ्या चित्रावर शाई आहे! सहा महिन्यांचं काम आहे लोकाइचं, कोणी केलं?"

पडद्यावर मोकळं मैदान होतं. स्वच्छ, लख्ख. सगळे एकमेकांकडे पाहत राहिले, आणि मग माझ्याकडे, कारण अशा वेळी बोलणारी मीच.

"काका," मी म्हटलं, "पडद्यावर काही नाही."

त्यांनी माझ्या आवाजाच्या दिशेला तोंड वळवलं. त्यांच्या नजरेच्या जागी काय होतं ते मला सांगता येणार नाही.

त्यांचा मुलगा वरून धावत आला. साहेबांनी गाडी दिली. मुलाबरोबर मीही दवाखान्यात गेले. डॉक्टर तरुण होते, सौम्य होते. तपासून झाल्यावर म्हणाले की साखरेमुळे डोळ्यातल्या बारीक नसा फुटून रक्त साकळलं आहे. डावा डोळा तर कधीचाच गेलेला दिसतो, आजोबा एकट्या उजव्यावर चालवत होते. तेव्हा ती तिरकी मान काय होती ते आम्हाला कळलं. मग डॉक्टरांनी विचारलं, "आधी काळे ठिपके, माश्या उडाल्यासारखं काही दिसत होतं का?"

"ठिपके तर सिनेमात होते, डॉक्टरसाहेब," काका म्हणाले. "या ताईले पण दिसले."

डॉक्टरांनी माझ्याकडे पाहिलं. मी जमिनीकडे पाहिलं.

"पाच-सहा महिने आधी आला असतात तर लेझरने थांबवता आलं असतं," डॉक्टर मुलाला म्हणाले. ते शब्द हलक्या आवाजात होते, पण खोली लहान होती.

शस्त्रक्रिया झाली. फारसा उपयोग झाला नाही. उजेड आणि अंधार तेवढा कळायला लागला. काका परत ऑफिसला आले नाहीत. त्यांचे बूट महिनाभर टेबलाखाली राहिले. मग मुलगा येऊन घेऊन गेला. मी भेटायला जायचं ठरवत राहिले आणि दर रविवारी काही ना काही काम काढत राहिले. तुमच्यापैकी ज्यांनी कोणाचं असं नुकसान केलं असेल त्यांना ही कामं ठाऊक असतील.

चारेक महिन्यांनी "दारवाला"ची तबकडी छापून आली. जाड खोका, आत छोटी पुस्तिका. ऑफिससाठी दोन प्रती होत्या. साहेब म्हणाले, एक काकांना देऊन ये. आता टाळायला जागा उरली नाही.

एका रविवारी सकाळी ऑफिसचा ब्लू-रे प्लेअर पिशवीत घालून मी विश्रांतवाडीला गेले. सोसायटीत तिसऱ्या मजल्यावर त्यांचं घर. ही आमची शेवटची भेट असेल हे तेव्हा माहीत नव्हतं. पुढे दसऱ्याच्या आत ते अकोल्याकडे लेकीच्या घरी गेले आणि दोन वर्षांनी तिथेच वारले. मुलाने फोन करून सांगितलं.

काका सोफ्यावर बसले होते. वाळले होते. माझा आवाज ऐकताच उठून उभे राहिले. "या ताई, या. सिनेमा आणला म्हणे." सुनेने पोहे दिले, मुलाने तारा जोडल्या आणि दोघं आत गेली. काकांनी खोका हातात घेतला, चारी बाजूंनी चाचपला. पुस्तिकेच्या शेवटच्या पानावर बारीक अक्षरात आमच्या कंपनीचं नाव होतं. मी त्यांचं बोट धरून त्यावर ठेवलं. गुळगुळीत कागद, हाताला काय लागणार? तरी ते बराच वेळ बोट तिथेच ठेवून होते.

"लावा," ते म्हणाले. "मी ऐकतो. अन् ते आली की सांगा."

"कोण?"

"माशी. शाई डोळ्यातली होती, ते समजलं मले. पण माशी तर मालकाची. बाई इस्त्री करते तिथं पहिल्यांदा येते. तिथं सांगा."

सिनेमा सुरू झाला. दार, मैदान, वारा. मग स्वयंपाकघर आलं. इस्त्रीचा चर्र आवाज आला आणि काका पुढे झुकले.

"आली?"

पुन्हा एकदा 'हो' म्हणणं किती सोपं होतं. त्यांचं जे जायचं ते गेलेलंच होतं. ती एक माशी तेवढी त्यांच्यापाशी उरली होती. माझ्या घशापर्यंत 'हो' आलाही.

"नाही काका," मी म्हटलं. "माशी नाहीये. नव्हतीच कधी."

ते तसेच पुढे झुकलेले होते.

"तुम्ही दाखवलीत त्या दिवशीही मला दिसली नव्हती. मी खोटं बोलले."

इस्त्री चालू होती. बाईने एक वर्तमानपत्र घडी करून ठेवलं, दुसरं घेतलं.

"तवाच तुमाले माहीत होतं?"

"हो."

"माह्या डोळ्यात आहे म्हणून?"

"हो."

त्यांनी बोटं मोजली. एकेक बोट दुमडत गेले आणि पाचावर थांबले. डॉक्टरांचा आकडा त्यांनीही ऐकला होता.

"तुमी तर सगळ्याइले तोंडावर सांगता," ते म्हणाले. "मग मलेच काहून नाही सांगितलं?"

"तुम्ही फार खुशीत होतात."

हे कारण बोलून दाखवल्यावर किती फुसकं वाटलं. त्यांनी मान हलवली. रागावले नाहीत, माफही केलं नाही. मी रडत होते, ते त्यांना कळलं असणार. दोन्ही हात मांडीवर ठेवून टीव्हीकडे तोंड करून बसले. मला उठून जावंसं वाटत होतं. तेवढ्यात ते म्हणाले, "पुढं काय चालू आहे?"

"अं?"

"सिनेमा चालू आहे नं. सांगा. जे आहे ते सांगा, अन् जे नाही ते सांगू नका."

मग मी सांगितलं. दीड तास मी त्यांना तो सिनेमा सांगत होते. बकरी आली, टेबलावर बसली. पाठीवर दार घेतलेला माणूस टेकडी चढतोय, घाम आलाय. दाराचा खालचा कोपरा फुटलाय. बहिणीच्या पदराला, म्हणजे स्कार्फला, पीठ लागलंय. एका ठिकाणी उजव्या कोपऱ्यात आमच्या हातून राहून गेलेला एक पांढरा कण चमकून गेला, तोही सांगितला. "कोणाकडून राहिला?" त्यांनी विचारलं. "माझ्याकडून," मी म्हटलं. कुठे मी घाईने दोन गोष्टी एकत्र केल्या तर ते मला थांबवत आणि पुन्हा विचारत. शेवटी मैदानात नुसतं दार उभं राहतं, बराच वेळ. तेही मी तसंच सांगितलं, संपेपर्यंत.

निघताना ते दारापर्यंत आले. "सावकाश जा," एवढंच म्हणाले.

खाली येऊन मी स्कूटीचं स्टँड काढलं आणि वर पाहिलं. काका गॅलरीत आले होते. कठड्याला धरून उभे होते आणि दुसऱ्या हाताने निरोप देत होते. पण भलतीकडे. फाटक उजवीकडे असेल असं त्यांना वाटलं असावं. तिथे पाण्याच्या टाकीशिवाय काही नव्हतं, आणि ते त्या टाकीकडे पाहून हात हलवत होते. वॉचमन आणि दोन बायका वर बघत होत्या, कोणी काही बोलत नव्हतं.

"काका!" मी ओरडले. "तिकडे नाही! मी इकडे आहे, डावीकडे!"

त्यांचा हात थांबला. तोंड वळलं.

"आणखी डावीकडे! जरा खाली!"

त्यांनी हात आणखी वळवला, थोडा खाली घेतला.

"आता?" वरून त्यांनी विचारलं.

"आता बरोबर!"

मग त्यांनी हात हलवला. मीही हलवला, आणि हलवतेय म्हणून ओरडून सांगितलं.